कोरी दुपार

"पाय पुसून आत ये, फरशी ओली आहे," असं स्वयंपाकघरातून आई म्हणाली तेव्हा माझा एक पाय उंबऱ्याच्या आत होता आणि एक बाहेर. मी पाय पुसले. आईला जाऊन बरीच वर्षं झाली होती. आपण आधी पाय पुसले आणि मग घाबरलो, ही गोष्ट मला नंतर फार लागली. आवाज तिचा नव्हता, पण वाक्य तिचं होतं. त्यातला "ओली"वरचा तो नेहमीचा वैतागही तिचाच, जणू फरशी आपली आपण ओली झाली आणि तिला न विचारता झाली. मग आतून एक बाई बाहेर आली. साठीच्या पुढची, अंगाने भरलेली. अंगात आईचा हिरवा स्वेटर, आणि आई काडीसारखी असल्यामुळे त्याची बटणं पोटावर ताणलेली. मला पाहून तीच दचकली. "तुम्ही आज यायच्या नव्हतात," म्हणाली, म्हणजे मीच तिच्या घरात शिरले होते. बाबा खिडकीशी बसून ब्रश निवडत होते. जन्मभर दुकानांच्या पाट्या रंगवलेला माणूस. पण हात थरथरायला लागल्यापासून त्यांनी ब्रश हातात धरला नव्हता. मान वर न करता ते म्हणाले, "थांब ठमे. माझी सकाळ अजून संपायची आहे."

माझा धंदाच संशयाचा आहे. काचेच्या कारखान्यात मी बाटल्या तपासते. समोर पांढरा उजेड, त्याच्यापुढून बाटल्या सरकत जातात, आणि मानेपाशी केसाएवढा तडा, तळाशी बुडबुडा, असं काही दिसलं की ती उचलून बाजूला टाकायची. इतकी वर्षं हे केल्यावर चांगली बाटली मला दिसतच नाही. जी दिसते ती वाईट. नवरा म्हणतो, तू पाहुण्यांकडेसुद्धा उजेडात धरल्यासारखी बघतेस. बघते. त्यामुळे त्या दिवशी बाबांच्या घरात उभ्या उभ्या मी एकामागून एक संशय घेऊन टाकले. पहिला, म्हातारपणी बाबांना चळ लागला आणि त्यांनी बाई आणली. दुसरा, बाईचा डोळा या दोन खोल्यांवर आहे. ती आत गेली तेव्हा मी तिची पिशवी उघडून पाहिली. एक कंगवा, चष्मा, रुमालात बांधलेलं उकडलेलं अंडं. घर लाटायला आलेली बाई आपलं अंडं आपण घेऊन येत नाही, एवढं मला कळलं. पण कुठेतरी पाणी मुरत होतं, हेही कळलं.

बाबांनी मग सगळं सांगितलं. लाजत नव्हे, उलट शाळेतल्या मुलाने नवं खेळणं दाखवावं तसं. बेकरीच्या वरच्या हॉलमध्ये काही माणसं जमतात, स्वतःला 'वळसा' म्हणवतात. त्यांचा मुख्य एक निवृत्त मास्तर, भूमिती शिकवायचा. आयुष्यभर फळ्यावर वर्तुळं काढल्यावर माणसाला दुसरं काय दिसणार! त्यांचं म्हणणं असं, की काळ पुढे जातच नाही. वळतो, आणि निघाला तिथे परत येतो. हेच घर, हीच फरशी, हेच आपण, पुन्हा. पण प्रत्येक फेरीत तो थोडा विरतो, धुतलेल्या कापडासारखा. एकदाच जगून सोडून दिलेला दिवस फिका पडत जातो आणि कुठल्यातरी फेरीत उरतच नाही. जो दिवस पुन्हा गिरवला तो पक्का होतो. लहान मूल पाटीवर अक्षर गिरवतं तसा दिवस गिरवायचा. माणसाने आयुष्यातला एकच दिवस निवडायचा आणि महिन्यातून एकदा तो उठल्यापासून झोपेपर्यंत जसाच्या तसा करायचा. त्या दिवसातलं माणूस मेलेलं असेल तर मंडळातलं कुणीतरी त्याच्या जागी बसतं. त्याला ते 'बदली' म्हणतात. ही बाई बदली आई होती. एरवी ती लाँड्रीत इस्त्री करायची. नवऱ्याला मी हे सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "वळसा कसला, चक्रम मंडळ म्हण," आणि बराच वेळ स्वतःच्याच विनोदावर हसत राहिला.

"आणि मी कुठे आहे या दिवसात?" मी बाबांना विचारलं. त्यांनी कोपऱ्यातलं स्टूल दाखवलं. स्टुलावर एक उशी होती. "तू कामावर असतेस," ते ओशाळून म्हणाले. "म्हणून तात्पुरती." बदली आई त्या उशीशी बोलायची म्हणे. घसा दुखतोय का, असं विचारायची. मला हसू यायला हवं होतं. पण घसा म्हटल्यावर मी उशीवरून नजर काढून बाबांकडे बघितलं. "कुठला दिवस हा, बाबा?" ते सांगायला लागले. साधा दिवस. सकाळी बारीक ब्रश सापडत नव्हता, तो आईने शोधून दिला. तुझा घसा धरला म्हणून तू शाळेत गेली नाहीस. मी कामावर गेलो. संध्याकाळी येताना खरबूज आणलं, आपण खाली जमिनीवर बसून खाल्लं, मी तुला काळ्या रंगाने मिशा काढल्या आणि आई इतकी हसली की तिला ठसका लागला. एवढंच. "आणि दुपारी?" मी विचारलं. "दुपारी मी कामावर होतो," बाबा म्हणाले. "आपण पाहिलं नाही ते गिरवायचं नाही, असा नियम आहे. दुपार कोरी." हे बोलताना ते ब्रशांकडे बघत होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं असतं तर कदाचित मला संशय आला नसता.

कारण ती दुपार मला माहीत होती. ती माहीत असलेलं जगात आता मी सोडून कुणी नव्हतं, असं मी धरून चालले होते. बाबा तेव्हा बोलत नसत. भांडण नाही, मारहाण नाही. नुसते बोलत नसत, दिवसचे दिवस. जेवताना आई बोलायची आणि बाबा भिंतीकडे बघून चावत राहायचे. त्या दुपारी आईने कापडी पिशवीत माझे दोन फ्रॉक टाकले, तिचा कंगवा टाकला, हाच हिरवा स्वेटर अंगात चढवला आणि मला म्हणाली, "मावशीकडे जाऊ या." किल्ली ती नेहमी शेजारी द्यायची, त्या दिवशी दिली नाही. स्टँडवर आम्ही बाकावर बसलो. माझं अंग तापलं होतं. मी तिच्या मांडीवर डोकं ठेवून तिच्या पोटाकडे तोंड केलं, म्हणून मला त्या सगळ्या वेळात दिसला तो स्वेटरचा विणकाम केलेला तुकडा, एक उसवलेलं बटण आणि त्याच्या पलीकडे काही नाही. बाकीचं सगळं कानांनी. बस आली, तिच्या इंजिनाने बाक थरथरायला लागला. कुणीतरी विचारलं, "बाई, चढताय का?" त्याआधी थोडाच वेळ माझ्या गालाखाली आईची मांडी एकदम ताठ झाली होती, लाकडासारखी. ती चढली नाही. तिने माझ्या कपाळावर हात ठेवला. बस गेली. मग ती म्हणाली, "चल, दूध उतू जायचं." घरी गॅसवर काही नव्हतं. आल्या आल्या तिने पिशवी रिकामी केली, फ्रॉक पुन्हा घड्या घालून ठेवले आणि माझ्यासमोर उकिडवी बसून म्हणाली, "बाबांना सांगायचं नाही. सांगशील?" मी मान हलवली. नंतर पुष्कळ वर्षं ती होती, म्हातारी झाली, आजारी पडली, गेली; त्या दुपारबद्दल आम्ही दोघींनी एकमेकींनाही कधी ताकास तूर लागू दिली नाही.

आणि मी मनाशी ठरवून टाकलं होतं की ती माझ्यामुळे परत आली. माझा घसा, माझा ताप. तो कपाळावरचा हात. पुढे ती कधी खिडकीशी नुसती उभी दिसली की मला वाटायचं, ती अजून त्या बसकडे बघते आहे आणि मी तिच्या मांडीवर डोकं ठेवून तिला उठू देत नाही. यातून मला वाईट वाटायचं आणि खरं सांगायचं तर थोडा गर्वही. एखाद्याचं आयुष्य अडवून धरण्याएवढे आपण मोठे होतो, हा एक विचित्र गर्व असतो. आता बाबांनी आयुष्यातल्या सगळ्या दिवसांतून नेमका तो उचलला होता. लग्नाचा नाही, माझ्या जन्माचा नाही, सिनेमागृहाची ती भलीमोठी पाटी रंगवल्यावर मालकाने शाल घातली तो नाही. साधा दिवस म्हणे! साधा दिवस लक्षात राहतो कुणाच्या? बाटल्यांसमोर उभी राहून मी हेच घोळवत राहिले. बाबांना माहीत आहे का? कुणी सांगितलं? की आईनेच, शेवटच्या आजारात? सांगितलं असेल तर त्यात माझा घसा होता का? एक तडकलेली बाटली माझ्यासमोरून सरळ पुढे गेली आणि शेजारणीने ती काढली. "लक्ष कुठाय तुझं?" ती म्हणाली. असं माझ्या बाबतीत आजवर झालं नव्हतं.

मी त्या मास्तरला जाऊन भेटले. कपटी माणूस असेल अशी आशा होती. निघाला एक वाळका, खोकणारा म्हातारा, खडूची सवय न गेल्यामुळे बोलताना हवेत रेघा ओढणारा. मी म्हटलं, "सगळं परत येणारच असेल तर ही नाटकं कशाला?" तो म्हणाला, "फेरी येणार. पण तुम्ही तिच्यात असालच, असं कुणी सांगितलं?" मी म्हटलं, "एखाद्याने खोटाच दिवस गिरवला तर?" त्याने बोट हवेत थांबवलं. "मग खोटं पक्कं होतं. कायमचं. म्हणून आम्ही कोरं सोडतो, पण भरत नाही. पाहिलेल्याने भरावं." आणि मग माझ्याकडे बघून, "तुमच्या वडिलांची दुपार कोरी आहे. तुम्ही होता घरी, नाही का?" मला त्याचा राग आला. हे चोरपावलांनी आलेलं आमंत्रण होतं. माझा यातल्या कशावरही विश्वास नव्हता, तरी पायऱ्या उतरताना पुढच्या महिन्यात सुट्टी घ्यायचं माझं ठरून गेलं होतं.

तर मग मी गेले आणि स्टुलावरची उशी काढून तिथे बसले, गळ्याला मफलर गुंडाळून, केसांत पांढऱ्या बटा घेऊन. बारीक ब्रश हरवला, बारीक ब्रश सापडला. बदली आई म्हणाली, "घसा दुखतोय का गं?" मी म्हटलं, "हो." खोटं बोलले नाही; गळा खरंच दाटून आला होता, का ते मला विचारू नका. बाबांनी रंगाची पेटी उचलली, "येतो," म्हणाले आणि कामावर गेले. काम! या वयात, कुठलं काम? दार लागल्यावर बदली आई खुर्चीवर बसली, हात मांडीवर ठेवून. "आता ते येईपर्यंत मी अशीच बसते," ती म्हणाली. "विणकाम करावं तर ते पोकळी भरणं झालं. आंघोळ करावी तर तेही. नुसतं बसून पायांना मुंग्या येतात बघा. ताई, काय करायच्या हो तुमच्या आई दुपारी?" मी तिच्याकडे बघितलं. तिच्या प्रश्नात काही लपलं नव्हतं. तेवढ्याने ती मला अधिकच संशयास्पद वाटली. "आले," म्हणून मी उठले आणि बाबांच्या मागे गेले.

बाबा हळू चालत होते, पेटी एका हातातून दुसऱ्या हातात घेत. मला वाटलं होतं, कुठल्यातरी बागेत बसून वेळ काढतील. ते स्टँडकडे वळले. स्टँडसमोर चष्म्याचं दुकान आहे, त्याच्या बाजूने वर जायचा जिना. पहिल्या वळणावर रस्त्याकडे उघडणारी खिडकी आहे, दुकानाच्या पाटीच्या अगदी शेजारी. बाबा जिन्यात दिसेनासे झाले आणि मग खिडकीत दिसले. पेटी खाली ठेवून, चौकटीला धरून उभे राहिले. मी एका टपरीआड होते. त्यांच्या नजरेमागोमाग मी बघितलं. समोर स्टँडचा बाक होता. रिकामा. आणि एकदम मला आठवलं, की त्या काळात चष्म्याच्या दुकानाची पाटी बाबा रंगवत होते. पुढे कितीतरी दिवस त्यांच्या नखांत तो निळा रंग होता. ते शिडीवर होते. त्यांनी पाहिलं होतं. बस आली, बाक तिच्याआड गेला, बस निघून गेली, बाक पुन्हा दिसला, आणि बाबांचे खांदे उतरले. ते आणखी थोडा वेळ तसेच उभे राहिले.

मला संताप आला. म्हणजे आम्ही खाली बसलो होतो, मी तापाने फणफणले होते, आणि हा माणूस वरून बघत होता! उतरला नाही. हाक मारली नाही. संध्याकाळी खरबूज घेऊन आला आणि मिशा काढून मला हसवलं. त्या संध्याकाळपासून ते बोलायला लागले होते, हे मला माहीत होतं. पण मी ते बाबांचा स्वभाव निवळला या खात्यात टाकलं होतं. बाबांकडे परत न जाता मी तशीच माझ्या घरी निघून आले. बाबांना फोनवर म्हटलं, डोकं दुखत होतं. "खरबूज ठेवलंय तुझ्या वाटचं," ते म्हणाले. मी फोन ठेवला. महिनाभर मी त्यांच्याशी भांडले, मनात, बसमध्ये, अंघोळ करताना. आणि प्रत्येक भांडणाच्या शेवटी तो रिकामा बाक यायचा आणि ते उतरलेले खांदे. महिन्यामागून महिने हा म्हातारा जिना चढून रिकाम्या बाकाकडे बघत होता. मला सांगू शकत नव्हता, कारण मग ती का परतली, हेही मला विचारावं लागलं असतं. माणसं इतकी वर्षं एका ताटात जेवतात आणि एक प्रश्न विचारत नाहीत.

पुढच्या खेपेला बाबा पेटी घेऊन बाहेर पडले तशी मी कपाटातून कापडी पिशवी काढली. त्यात कंगवा टाकला, हाताला लागले ते दोन कपडे टाकले. "चला," मी बदली आईला म्हटलं. "दुपारी आई बाहेर जायची." ती उठली. कुठे, का, काही विचारलं नाही, फक्त किल्ली हातात घेऊन म्हणाली, "शेजारी द्यायची का?" "नाही," मी म्हटलं. बाकावर आई बसली होती त्या बाजूला ती बसली. मी आजूबाजूला बघितलं. एक माणूस शेंगा खात होता, एक मुलगी फोनमध्ये होती. म्हटलं, जनाची लाज किती दिवस बाळगायची, आणि पाय वर घेऊन बाईच्या मांडीवर डोकं ठेवलं. तिच्या अंगाला इस्त्रीच्या वाफेचा, गरम सुताचा वास होता. डोळ्यांसमोर हिरवी वीण. बटण आता शिवलेलं होतं. मागून बसचा आवाज यायला लागला, दुरून, आणि माझ्या गालाखाली तिची मांडी एकदम ताठ झाली. लाकडासारखी. "अगंबाई," बदली आई हळूच म्हणाली, "ते बघा तुमचे बाबा. वर खिडकीत. इकडेच बघतायत की."

मी उठले नाही. उठता आलं नाही. इथून दिसतं तर. पोटाकडे तोंड करून पडलेल्या मला दिसलं नव्हतं, पण इथे बसलेल्या बाईला समोर, सरळ रेषेत, शिडीवरचा माणूस दिसतो. आईने पाहिलं होतं. पाहिलं, की नवरा हातात ब्रश घेऊन आपल्याकडे बघतो आहे आणि उतरत नाही. आणि मग ती चढली नाही. का, ते आता कोण सांगणार? लाज वाटली म्हणून? त्याची दया आली म्हणून? की चोरून जायचं होतं आणि चोरी पकडली गेली, एवढंच? काही असो, त्यात माझा घसा कुठे नव्हता. कपाळावरचा तो हात कुठेतरी ठेवायचा म्हणून ठेवलेला असेल. मला वाटलं होतं, हे कळल्यावर हलकं वाटेल. हलकं वाटलं आणि त्याच वेळी कुणीतरी माझं काहीतरी काढून घेतल्यासारखं रडू आलं. बाईने माझ्या कपाळावर हात ठेवला नाही. तिला ते कुणी सांगितलं नव्हतं. बस आली, बाक थरथरला, बस गेली. "चल, दूध उतू जायचं," मीच म्हणाले, आणि आम्ही घरी आलो.

बाबा खरबूज घेऊन आले ते दारातच थांबले. डोळे लाल. पेटी ठेवायचीही शुद्ध नव्हती. "तुला माहीत होतं," ते मला म्हणाले. "हो." "मलाही." मग ते खाली जमिनीवरच बसले आणि बोलायला लागले, भिंतीकडे नाही, माझ्याकडे बघून. "शिडीवर होतो मी. पिशवी बघितली आणि कळलं. न कळायला मी काय दगड आहे? उतरावं म्हटलं, पाय उचलेना. मग म्हटलं, हात धरून आणली तर ती आणलेली. आलेली नव्हे. एकच अक्षर रंगवत राहिलो. बस मध्ये आली, तुम्ही दिसेनाशा झालात. बस गेली, आणि ठमे, तुम्ही होतात. दोघीही होतात." त्यांनी तोंड पुसलं. "पुढच्या फेरीत बस गेल्यावर बाक रिकामा निघाला तर? म्हणून हा दिवस. दुसरा कुठला गिरवू? आज बाक भरलेला दिसला." मग त्यांनी विचारलं, अगदी साध्या आवाजात, पण हात खरबुजावर घट्ट धरून: "तिने मला पाहिलं नव्हतं. आपल्या मनाने वळली ती. हो ना? बाकावरून वरचं काही दिसत नाही ना?"

हा प्रश्न मला नव्हता. तो त्या जागेवर बसलेल्या बाईला होता. बदली आईने तोंड उघडलं. खोटं पक्कं होतं, कायमचं, प्रत्येक फेरीत, असं मानणारी ती बाई. आणि तिने डोळ्यांनी पाहिलं होतं. माझा विश्वास कशावरच नव्हता, म्हणून मला सोपं होतं. "नाही हो, बाबा," मी मध्येच म्हणाले. "समोरून ऊन येतं डोळ्यांवर. वर बघवत नाही." बाबांनी माझ्याकडे बघितलंच नाही. ते तिच्याकडे बघत राहिले. ती माझ्याकडे बघत होती, आणि तिच्या चेहऱ्यावरून मला कळत होतं की तिला मी काय मागते आहे ते नीट समजलं आहे. तिने स्वेटरच्या बाह्या खाली ओढल्या.

"हो ना," ती म्हणाली. "ऊन फार आहे तिथं. पुढच्या महिन्यात टोपी घेऊन जाऊ."

बाबांनी मान हलवली, खरबूज कापलं आणि पहिली फोड तिच्या हातात दिली. सकाळपासून आभाळ भरलेलं होतं. इतका वेळ खिडकीत उभ्या राहिलेल्या माणसाला ते दिसलं नसेल, असं मला वाटत नाही.